नकाशाखोलीतली खाट

मित्रांनो, मला पाहून तुम्ही नाक मुरडाल, हे मला ठाऊक आहे. मी एक जुनी लोखंडी खाट आहे. माझा हिरवा रंग जागोजागी उडाला आहे आणि माझ्यावर कुणी कूस बदलली की मी कुरकुरते. पण माझ्यावर झोपून माणसे जिथे जाऊन आली, तिथे तुमची एकही सहल कधी गेली नसेल. तीच हकिगत आज सांगते.

माझा जन्म एका वेल्डिंगच्या शेडमध्ये झाला. शेड दोघांची होती. दीर लोखंड कापायचा आणि जोडायचा, वहिनी रंग द्यायची. वहिनीचा एक नियम होता. खाट तयार झाली की ती स्वतः तिच्यावर आडवी व्हायची. माझ्यावरही झाली. डोळे मिटून थोडा वेळ पडून राहिली आणि उठून म्हणाली, "भावोजी, हिची डोक्याकडची बाजू बोटभर उचला. घसरल्यासारखं वाटतंय."

"वहिनी, खाट आहे ही, सिंहासन नाही," दीर कुरकुरला. पण त्याने ती बाजू उचलली. त्या बोटभर उंचीमुळे माझ्यावर कुणालाही पटकन झोप लागायची. माझे पुढचे सगळे नशीब त्यावरच उघडले.

मला विकत घेतले ते नकाशांच्या कार्यालयाने. तळमजल्यावर लोक आपापल्या जमिनीचे नकाशे मागायला रांगेत उभे असत. मधल्या मजल्यावर नकाशे छापण्याची यंत्रे धडधडत. सर्वांत वरच्या मजल्यावर, मार्गिकेच्या टोकाला एक खोली होती. दारावर पाटी होती, 'मोडके सामान'. मी कोरी करकरीत होते, तरी मला त्याच खोलीत नेले. मला फार अपमान वाटला. आत गेल्यावर कळले की पाटी खोटी आहे. खोलीत जाड पडदे होते, एक उतरते टेबल होते, एक स्टूल होते आणि रुंद, चपट्या खणांचे एक कपाट होते. कोपऱ्यात पंखा होता. मधोमध माझी जागा होती.

त्या खोलीत स्वप्नातल्या मुलखाचा नकाशा तयार होत होता.

हे काम सुरू केले मोजणीसाहेबांनी. त्यांचे सगळे आयुष्य साखळी आणि दुर्बीण घेऊन डोंगर, ओढे आणि शिवारे मोजण्यात गेले होते. एकदा जेवणाच्या सुट्टीत ते सोबत्याला आपले स्वप्न सांगत होते. त्यांना वरचेवर एक गाव दिसे. गावात एक मनोरा होता आणि मनोऱ्यावर घड्याळ. तेवढ्यात टपाल द्यायला आलेला पोस्टमन दारातच थबकला. "त्या घड्याळाला तासकाटा नाही, तेच ना साहेब?" त्याने विचारले. मोजणीसाहेबांच्या हातातला घास हातातच राहिला. ही गोष्ट त्यांनी तोवर कुणालाही सांगितली नव्हती.

दोन अनोळखी माणसे झोपेत एकाच गावात जातात, तर ते गाव कुठेतरी असले पाहिजे. आणि जे आहे ते मोजता आले पाहिजे. मोजणीसाहेबांचा विचार इतका सरळ होता. परवानगी मागायला ते वरच्या साहेबांकडे गेले. वरचे साहेब खरे तर खालच्या मजल्यावर बसत, पण हुद्द्याने वरचे होते. ते आधी खूप हसले. मग उठून त्यांनी दार लावून घेतले आणि हळूच म्हणाले, "मलाही ते घड्याळ दिसतं. करा काम. पण या कानाचं त्या कानाला कळता कामा नये. आपल्याकडे माणसं झोपा काढतात, असं लोक आधीच म्हणतात. तुम्ही तर त्यासाठी खाट मागताय!"

म्हणून काम गुप्त राहिले आणि दारावर ती पाटी आली.

मोजणीसाहेबांच्या जोडीला आणखी दोघे होते. एक नकाशाबाई. कागदावर नदी काढताना त्या श्वास रोखून धरत. दुसरे डॉक्टर. कुणालाही जबरदस्तीने झोपवायचे नाही आणि कुणाला दचकवून उठवायचे नाही, एवढीच अट घालून ते आले होते.

झोपायला येणारे मोजके होते आणि एकमेकांना ओळखत नव्हते. पोस्टमन होता. शिवणकाम करणाऱ्या एक ताई होत्या. त्या झोपेतही अंगठा आणि तर्जनी जुळवून सुई धरत. शाळेतले कवायतीचे एक सर होते. ते असे घोरत की माझ्या स्प्रिंगा थरथरत. "सर, तुमच्या आवाजाने त्या गावातले लोक जागे होतील," असे डॉक्टर त्यांना म्हणत.

दुपारी जेवणे झाली की काम सुरू होई. एकाने माझ्यावर झोपायचे. जाग आली की दुसरे काही बोलायचे नाही, पाणीही प्यायचे नाही. स्टूल जवळ ओढून नकाशाबाई हळू आवाजात विचारत, "कुठे जाऊन आलात? उजव्या हाताला काय होतं? तिथून पुढचं काय दिसत होतं?"

स्वप्नात पावले मोजता येत नाहीत. चार पावलांत गाव मागे पडते आणि कधी धावूनही दार जवळ येत नाही. म्हणून मोजणीसाहेबांनी अंतराचा नादच सोडला. कुठून काय दिसते, एवढेच ते धरून चालत. उत्तर दिशाही तिथे नसते. पण पाणी तिथेही उताराकडेच वाहते, म्हणून त्यांनी पाण्यावरून दिशा ठरवल्या. एकाने सांगितलेली जागा पेन्सिलीने काढायची. दुसऱ्या कुणी न विचारता तीच जागा सांगितली, तरच तिच्यावर शाई फिरवायची.

हळूहळू गाव उभे राहिले. मनोऱ्याच्या मागे निळ्या दारांची गल्ली निघाली. गल्लीच्या टोकाला विहीर होती. विहिरीपासून एक वाट उतरत उतरत दगडी बाकापर्यंत जात होती. शाई फिरली की मोजणीसाहेब माझ्या उशाच्या दांडीवर थाप मारत आणि म्हणत, "ही खाट पायगुणाची आहे हो!" मित्रांनो, चार पायांच्या खाटेला याहून मोठी शाबासकी कोणती?

दगडी बाकाच्या पुढे मात्र नदी होती. तिथे सगळे अडले.

नदी रुंद होती. पलीकडच्या काठावर दिवे लागलेली घरे दिसत. जो तो बाकापर्यंत जाई, नावेची वाट पाही आणि जागा होई. पोस्टमन चिडून म्हणायचा, "पत्र असतं ना, तर पोहोचवलंच असतं!" कागदाचा अर्धा भाग भरला आणि नदीपलीकडचा अर्धा कोराच राहिला. मोजणीसाहेब त्या कोऱ्या भागाकडे बघत उभे राहायचे. त्यांना जेवणासाठी हाका माराव्या लागत.

अशातच नकाशाबाईंच्या घरी अडचण आली. त्यांची आई फार म्हातारी होती. दिवसाही तिचा डोळा लागे, जागेपणीच्या गोष्टी ती विसरे. घरी नकाशाबाईंच्या वहिनी तिचे सगळे करत असत, पण त्या बाळंतपणासाठी माहेरी गेल्या. भाऊ फिरतीवर. आईला एकटे ठेवायचे कसे? एका दुपारी नकाशाबाई तिला हाताला धरून जिने चढवत वर घेऊन आल्या.

मोजणीसाहेब हादरलेच. "बाई, ही गुप्त खोली आहे!"

"साहेब, आपण सकाळी जेवलो की नाही, हे तिला दुपारी आठवत नाही. ती गुपित कुणाला सांगणार?"

डॉक्टर खो खो हसले. मोजणीसाहेबांचा नाइलाज झाला. आजींना खुर्चीत बसवले, पण त्यांची मान कलंडू लागली. त्या दिवशी पोस्टमन आला नव्हता. मी मोकळीच होते. डॉक्टरांनी आजींना माझ्यावर निजवले.

मी बरीच वजने पेलली आहेत, पण इतके हलके माणूस माझ्यावर पूर्वी झोपले नव्हते. उन्हात वाळलेल्या चादरीइतक्याच त्या जड होत्या. लगेच झोपल्या. उठल्या तेव्हा नकाशाबाईंनी सवयीने विचारले, "कुठे जाऊन आलीस, आई?"

"नदीपलीकडे," आजी म्हणाल्या.

मोजणीसाहेबांनी अगदी हळू विचारले, "आजी, नाव मिळाली का हो?"

"नाव कशाला? पाणी गुडघ्याएवढं तर आहे. चपला हातात घेतल्या आणि गेले."

इतके दिवस सगळे नावेची वाट बघत होते. पाण्यात पाय घालून पाहण्याचे कुणाच्या मनातच आले नव्हते. डॉक्टरांनी कपाळावर हात मारला. नकाशाबाईंनी मात्र पेन्सिल उचलली. आईने सांगितले ते असे. काठावर एक वाकलेले झाड आहे. त्याच्यापुढे बाजार आहे, पण दुकानांच्या फळ्या आतून लावलेल्या. बाजार संपला की एक लांब पडवी आहे. "तिथे माझी धाकटी बहीण बसली होती," आजी म्हणाल्या. "केवढीशी! अजून फ्रॉकातच आहे."

पेन्सिल थांबली. "मावशी लहानपणीच गेली," नकाशाबाई हळूच म्हणाल्या.

"स्वप्नात गेलेली माणसं दिसतातच," डॉक्टर म्हणाले. पण मोजणीसाहेबांचा चेहरा उतरला होता.

बाकीच्यांना आधी काही सांगायचे नाही असा नियम होता, म्हणून ते अजूनही बाकावरच जागे होत. पण त्या दिवसापासून आजी रोज येऊ लागल्या आणि कोरा कागद पेन्सिलीने भरू लागला. त्यांना झोपायला आवडे. नकाशाबाईंनाही आनंद होता. आई घरी त्यांना कधी कधी ओळखत नसे. इथे मात्र जाग आल्यावर दोघी कितीतरी वेळ बोलत. "मग डावीकडे काय होतं?" असे लेकीने विचारावे आणि आईने अगदी नीट आठवून सांगावे. इतक्या गप्पा आमच्या दोघींत कधी झाल्याच नव्हत्या, असे नकाशाबाई एकदा डॉक्टरांना म्हणाल्या.

वरचे साहेब येऊन कागद पाहून गेले आणि फारच खूश झाले. म्हणाले, "आजींना इथेच राहायची सोय करून देऊ. काम झपाट्याने उरकेल." डॉक्टरांना ते पटले नाही. "गाय दूध देते म्हणून दिवसभर पिळत बसायचं नसतं," ते तिथेच म्हणाले.

एक दिवस डॉक्टर खाली गेले होते आणि नकाशाबाई ब्रश धुवायला बाहेर गेल्या, तेव्हा मोजणीसाहेबांनी आजींना विचारले, "आजी, तिथे एक उंच बाई दिसल्या का हो? हसताना तोंडावर हात घेतात."

"मी कुणाकडे टक लावून बघत नाही बाबा," आजी म्हणाल्या. "कोण तुझी?"

"बायको," मोजणीसाहेब म्हणाले. "बरीच वर्षं झाली तिला जाऊन."

"बघेन हं," असे म्हणून आजींनी त्यांच्या हातावर थोपटले. थोड्याच वेळात त्या ते विसरल्या. मोजणीसाहेब विसरले नाहीत. ते रोज पुढच्या गल्लीची घाई करू लागले. आजी दिवसेंदिवस उशिरा उठू लागल्या होत्या. हे मला माझ्या स्प्रिंगांवरून आधी कळले. माणूस जागे होण्यापूर्वी जड होते. आजी तशा जड व्हायला फार वेळ घेत होत्या.

एका दिवशी ऊन पडद्याच्या कडेवरून सरकून भिंतीवर गेले आणि तिथून उतरले, तरी आजी उठल्या नाहीत. डॉक्टरांनी नाडी पाहिली. नाडी चालू होती, पण मंद. नकाशाबाईंनी हाका मारल्या. हात चोळले. तोंडावर ओला रुमाल फिरवला. काहीच नाही. मोजणीसाहेब भिंतीला टेकून उभे होते. "अजून दोनच गल्ल्या राहिल्या होत्या," असे ते पुटपुटले आणि स्वतःच्याच शब्दांनी दचकले.

तेव्हा नकाशाबाईंनी टेबलावरचा नकाशा उचलला. पेन्सिलीचा काळा डाग त्यांच्या बाहीला लागला. त्यांनी तिकडे पाहिलेही नाही. स्टूल माझ्याजवळ ओढून त्या आईच्या कानाशी वाकल्या आणि नकाशावर बोट ठेवून वाचू लागल्या.

"आई, पडवीतून ऊठ. मावशीला सांग, येते म्हणून. आता बाजार. फळ्या लावलेल्या दुकानांमधून सरळ ये. कुठे वळू नकोस. वाकलेलं झाड दिसलं का? त्याच्या खालून ये. आता चपला काढ. पाणी गुडघ्याएवढंच आहे, तूच सांगितलंस ना? घाबरू नकोस, ये."

मित्रांनो, मला तेव्हा जे जाणवले ते खोलीत कुणालाच दिसले नाही. आजींचे पाय हलत होते. अगदी थोडे, आधी एक, मग दुसरा. टाचा माझ्या जाळीवर टेकत होत्या आणि उचलल्या जात होत्या. त्या चालत होत्या.

"हा दगडी बाक. बसू नकोस आई, थकली असलीस तरी बसू नकोस. आता चढ आहे. विहीर आली. निळ्या दारांच्या गल्लीतून ये. मनोरा दिसतोय का? मी तिथेच उभी आहे. मनोऱ्याखाली."

नकाशाबाई थांबल्या नाहीत. तेच परत पहिल्यापासून वाचू लागल्या. पडवी, बाजार, झाड, नदी. किती वेळा वाचले कुणास ठाऊक. आणि मग माझ्या स्प्रिंगांना कळले. आजी जड झाल्या.

त्यांनी डोळे उघडले. "किती गं ओरडतेस!" त्या म्हणाल्या. "येतच होते ना. म्हाताऱ्या माणसाला वेळ लागतो."

नकाशाबाईंनी आईच्या पोटावर डोके टेकले आणि हमसून हमसून रडल्या. त्यांच्या केसांतून हात फिरवत आजींनी डॉक्टरांना विचारले, "हिला काय झालं? कुणी बोललं का?"

दुसऱ्या दिवशी नकाशाबाई एकट्याच आल्या. "आई आता इथे झोपणार नाही," त्यांनी सांगितले. "तिला परत आणण्यापुरता नकाशा झाला आहे. मला तेवढा पुरे."

मोजणीसाहेबांना त्या दोन गल्ल्या हव्या होत्या. त्या कशासाठी हव्या होत्या, हे खोलीत फक्त मला आणि त्यांनाच माहीत होते. पण ते म्हणाले, "बरोबर आहे तुमचं. ठेवा तो भाग कोरा."

वरच्या साहेबांना हे रुचले नाही. अर्धवट काम कोणाला दाखवायचे, असे म्हणून त्यांनी खोलीच बंद केली. नकाशे कपाटासकट कुठेतरी नेले. पोस्टमन, शिवणकामाच्या ताई आणि सर यांचे येणे थांबले. डॉक्टर आपल्या दवाखान्यात परतले. नकाशाबाई खालच्या मजल्यावर शेताच्या बांधांच्या रेघा ओढू लागल्या. पुढे आजी गेल्याचे मी मार्गिकेतल्या बोलण्यातून ऐकले. घरी, जागेपणी, लेक आणि सून जवळ असताना गेल्या म्हणे.

'मोडके सामान' ही पाटी आता खरी ठरली. माझ्यावर तुटक्या खुर्च्या रचल्या गेल्या, धूळ बसली, पायांना गंज चढला. कुणी माझी आठवण काढली नाही. खाटेला भूक नसते, पण कुणी आपल्यावर टेकावे असे तिला वाटतेच.

एके दिवशी दार उघडले. मोजणीसाहेब आले होते. त्यांचा नोकरीतला तो शेवटचा दिवस होता. गळ्यातला हार अजून काढलेला नव्हता. त्यांनी एकेक करून खुर्च्या खाली उतरवल्या, रुमालाने माझी धूळ पुसली आणि माझ्यावर आडवे झाले. एवढ्या काळात ते माझ्यावर कधीच झोपले नव्हते. मोजणाऱ्याने दुर्बिणीच्या मागे राहावे, असे ते म्हणत.

त्यांना लगेच झोप लागली. खालून यंत्रांची धडधड येत होती. बऱ्याच वेळाने त्यांचे पाय हलले. आधी एक, मग दुसरा. नंतर ते थांबले. एका जागी उभे असावेत तसे. मला भीती वाटली की आता यांना परत कोण बोलावणार? नकाशा नव्हता, नकाशाबाई नव्हत्या. पण काही वेळाने ते आपणहून जड झाले आणि उठून बसले.

त्यांचे डोळे भरले होते, पण चेहऱ्यावर हसू होते. काहीतरी सांगण्यासाठी त्यांनी तोंड उघडले आणि स्टुलाकडे पाहिले. स्टूल रिकामे होते. त्यांनी तोंड मिटले, हार हातात घेतला आणि ते निघून गेले. त्यांना कोण भेटले, किंवा कुणी भेटले की नाही, हे मला आजवर कळलेले नाही.

पुढे मोडीच्या सामानात मी बाहेर पडले आणि तुमच्या शाळेने मला आणले. पोट दुखले, ताप आला, की तुम्ही माझ्यावर येऊन पडता. माझ्यावर उड्या मारू नका, माझी जाळी आता पूर्वीसारखी राहिलेली नाही. वर्षातून एकदा स्प्रिंगांना तेल दिलेत तर मी कुरकुरणारही नाही. पण त्याहून मोठे असे माझे एकच मागणे आहे. घरात कुणी दुपारचे झोपून उठले, विशेषतः म्हातारे माणूस, तर लगेच "उठा, आवरा" म्हणू नका. जरा जवळ बसा. कुठे जाऊन आलात, असे विचारा आणि ते सांगतील ते शेवटपर्यंत ऐका.

मोजणीसाहेबांना मला एवढेच विचारायचे होते. पण मला तोंड नाही, मित्रांनो. तुम्हाला आहे.